जुबेदाबींच्या कबरीवरचं नाव

एरंडोलला बसस्थानकामागे ज्योत्स्नाचं टायपिंगचं दुकान आहे. लग्नपत्रिका, दशक्रियेचे कागद, दुकानांच्या पाट्या. वीस वर्षांत तिने किती नावं टाइप केली असतील, त्याला गणती नाही. प्रत्येक नाव ती छापण्याआधी गिऱ्हाइकाला मोठ्याने वाचून दाखवायची. तिच्या वडिलांचं, निंबा पाटलांचं नाव सरकारी कागदावर एकदा ‘लिंबा’ लागलं, ते त्यांच्या मरणापर्यंत तसंच राहिलं. म्हणून ही सवय.

उर्दू शाळेतून निवृत्त झालेले कादर मास्तर आले, तेव्हा मात्र ती सवय उपयोगाला आली नाही. मास्तरांची बायको जुबेदाबी वारली होती. कबरीच्या दगडावर अरबीत तिचं नाव आणि खाली दुआची एक ओळ हवी होती. मास्तरांनी मजकूर भाच्याकडून मोबाइलवर टाइप करून आणला होता. ज्योत्स्नाने तो आपल्या जुन्या डिझाइनच्या सॉफ्टवेअरमध्ये चिकटवला, चौकट आखली आणि फाइल धुळ्याच्या जगदीशला, दगड कोरणाऱ्याला, पाठवून दिली. अरबी मजकुराचं ती नेहमी असंच करायची; तिला वाचता येत नव्हतं, म्हणून वाचून दाखवलं नाही. मास्तरांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन व्हायचं होतं. त्यांनीही पडद्याकडे नीट पाहिलं नाही.

दगड बसला. महिन्याभराने, ऑपरेशन झाल्यावर, मास्तर दुकानात आले आणि स्टुलावर बसले.

“बेटा, ते नाव नाही झालं,” ते म्हणाले. “अक्षरं सुटी सुटी पडलीत, आणि उलटी. शेवटचं अक्षर पहिल्या जागी. मी तिला तिथे वाचायला गेलो, तर वाचताच येईना.”

आवाज चढला असता तर बरं झालं असतं, असं तिला वाटलं. तिने जगदीशला फोन लावला.

“ताई, फाइलमा जे व्हतं तेच मी कोरं,” तो म्हणाला. खरंच होतं.

“चाचा, मला ही अक्षरं शिकवा,” ती मास्तरांना म्हणाली. “नुसतं दुरुस्त करून दिलं, तर मी पुन्हा आंधळीच.”

मग रोज दुपारी मास्तर यायला लागले. कोणतं अक्षर पुढच्याला हात देतं, कोणतं देत नाही, शब्दाच्या सुरुवातीला त्याचं रूप कसं, शेवटी कसं, हे ते पाठकोऱ्या कागदावर काढून दाखवत. जुबेदामधला पहिला ‘ज’ एकटाच उभा राहतो, पुढची तीन अक्षरं मात्र एकमेकांना धरून चालतात. ज्योत्स्ना गिरवत राहिली. संध्याकाळी ती कॉम्प्युटरशी झगडायची. जुन्या सॉफ्टवेअरला उजवीकडून डावीकडे लिहिणं ठाऊकच नव्हतं. तिने नवं घेतलं, अरबी कीबोर्ड चालू केला, ओळीची दिशा बदलली. अक्षरं जुळली. पण जगदीशच्या मशीनवर तो फॉन्ट नव्हता, तिथे ती पुन्हा फुटली. तेव्हा तिने सगळी अक्षरं चित्रात बदलून पाठवली, म्हणजे ती कुठेही हलणार नाहीत.

एवढ्यावर तिचा जीव शांत होईना. दगड धुळ्याला परत नेला, तेव्हा ती मास्तरांना घेऊन स्वतः गेली. जगदीशने आधीचं कोरीवकाम घासून काढलं. नवी अक्षरं उमटली तशी ज्योत्स्नाने हातातल्या कागदाशी एकेक ताडून पाहिली. मास्तरांनी चष्मा पुसला, उजवीकडून बोट ठेवलं आणि ओठांतल्या ओठांत वाचलं.

“जुबेदा,” ते म्हणाले.

दुकानात परतल्यावर तिने जुन्या फाइली उघडल्या. गेल्या सात वर्षांत तिने चिकटवलेला अरबी मजकूर अकरा ठिकाणी होता. नऊ ठिकाणी अक्षरं फुटलेली. तिने एकेकाला फोन केला, चूक माझी आहे म्हणाली, आणि दुरुस्त करून द्यायचं कबूल केलं. एकाने फटकारलं, दोघांनी फोन ठेवला.

वरणगावच्या एका मदरशावर तर तिची पाटी चार वर्षं लटकत होती. ती नवी पाटी घेऊन एसटीने गेली. तिथल्या वयस्कर मौलवींनी तिला पाणी दिलं.

“इतकी वर्षं सांगितलं का नाही, आबा?” तिने विचारलं.

“आम्हाला वाटलं, मशीनमध्ये आमची अक्षरं अशीच यायची,” ते म्हणाले.

तिने मान खाली घातली. मग पाटी त्यांच्यासमोर धरली आणि अडखळत, एकेक अक्षर जोडत, त्यांना वाचून दाखवली.