टँकरवाल्याची पाण्याची बाटली

ती सकाळ अजून मनातून गेलेली नाही. इंदापूर तालुक्यातल्या आमच्या ठाण्यात तात्या नावाचे एक म्हातारे मासेमार पोतं घेऊन आले आणि त्यांनी ते माझ्या टेबलासमोर रिकामं केलं. सगळे मेलेले चिलापी मासे.

"साहेब, चिलापी गटारात बी जगतोय. त्यो मेलाय म्हंजी पाण्यात इख हाय," तात्या म्हणाले. त्यांची वाडी धरणाच्या फुगवट्याला लागून. जाळं त्याच पाण्यात आणि प्यायची विहीरही त्याच काठावर. "आजून एकदा असं झालं तर वाडी उठंल आमची."

याआधी दोनदा तक्रार झाली होती. पण नमुना घेणारे पोचेपर्यंत घाण एवढ्या मोठ्या पाण्यात पसरून जायची आणि अहवाल स्वच्छ यायचा. माझे वरिष्ठ नाकाला रुमाल लावून म्हणाले, "आता माशांच्या खुनाचा तपास करणार का?" मी शिपाई म्हणून भरती होऊन, परीक्षा देत वर आलेला माणूस. ते वाक्य झोंबलं. स्टेशन डायरीत नोंद घेतली आणि तपास स्वतःकडे ठेवला.

खबर मिळाली लासुर्ण्याजवळच्या चहाच्या टपरीवर. टपरीवाल्या मावशींशी भज्यांच्या भावावरून माझं कायम वाजायचं. त्या दिवशी त्या भडकल्या, "तुमच्यापरीस त्यो टँकरवाला बरा! गुमान बाटली घेतोय आन् जातोय."

"कसली बाटली?"

"पाण्याची. टँकरवर ‘पिण्याचे पाणी’ लिवलंय, आन् गडी पाणी इकत पितोय. येडाच हाय!"

माझ्या हातातलं भजं तसंच राहिलं.

दुसऱ्या दिवशी तो टँकर परतताना अडवला. रिकामा होता. तळाशी बादलीभर पाणी, त्याला किंचित वास. दोन पंचांसमक्ष नमुना सीलबंद केला, उरलेलं बादलीत काढून ठाण्यात आणलं, पण टाकीतलं पाणी फुगवट्यातच ओतलं याला पुरावा नव्हता. ठाण्यात ड्रायव्हर एकच पाढा म्हणत होता, "साहेब, वाड्यावस्त्यांना पाणी पोचवतो. वास टाकीच्या रंगाचा हाय."

मी ओरडलो, टेबलावर हात आपटला. पठ्ठ्या ढिम्म. मग मी आवाज खाली आणला आणि हवालदाराला म्हणालो, "बादलीत उरलंय त्या पाण्याचा चहा टाका. पाहुण्यांना आणि मलाही."

चहा आला. त्याने कपाला हात लावला नाही. मी माझा कप ओठांशी नेला, तशी त्याने झडप घालून माझं मनगट धरलं. चहा वर्दीवर सांडला.

"नका साहेब! घरी पोरंबाळं हायती तुमाला!"

"का रे? पिण्याचंच पाणी ना?"

तो ढसाढसा रडला. बारामतीकडच्या एका शेडमधलं रसायनाचं सांडपाणी तो वाहत होता. जबाबावर सही झाल्यावर मी सांगितलं, की चहा ठाण्याच्या माठातल्या पाण्याचा होता, हवालदाराला ते आधीच सांगून ठेवलं होतं. डोळे पुसत म्हणाला, "लई बेरकी हाय तुमी."

मग सौदा केला. पुढच्या खेपेची वेळ आणि जागा सांग, कोर्टात साक्ष दे, तुझ्या मदतीची नोंद मी कागदावर घेतो. त्याने आणखी काही पदरात पाडून घ्यायची खटपट केली. मी हललो नाही. दोन दिवसांनी, टँकरची नळी पाण्यात असतानाच आम्ही शेडच्या मुकादमाला धरलं. नमुने लगेच प्रयोगशाळेत गेले. संध्याकाळी शेडचा मालक कोठडीत होता.

पत्रकारांसमोर मधोमध बसले तेच रुमालवाले वरिष्ठ. माझा उल्लेख ‘स्थानिक पोलीस’ एवढाच. ते मी विसरलो नाही, विसरणारही नाही.

तेव्हापासून मात्र माणूस काय सांगतो यापेक्षा तो स्वतः काय खातो-पितो, हे आधी बघत आलो. आणखी एक कळलं. ज्याने महिनोन्‌महिने पाण्यात विष ओतलं, त्यालाही समोरच्या माणसाला ते पिताना बघवलं नाही. तात्यांची वाडी त्याने कधी जवळून पाहिलीच नव्हती.

निवृत्तीनंतर परवा वाडीवर गेलो. विहिरीचं तांब्याभर पाणी प्यालो. तात्यांच्या पाटीत मासे उड्या मारत होते. मी सवयीने घासाघीस सुरू केली, "आम्हाला तरी कमी लावा. हे पाणी कुणी वाचवलं?"

"तुमीच की. म्हनून तर मासा जिता हाय, साहेब. जित्याचा भाव उतरत न्हाय."

आयुष्यात पहिल्यांदाच मी सांगितल्या भावात वस्तू घेतली.