शेवटच्या सुराखालचे तीन कॉर्ड

लूशस टार्व्हरने फिलाडेल्फियाच्या जर्मनटाउन भागात एकतीस वर्षं टपाल वाटलं, आणि दर शनिवारी दुपारी चर्चशेजारच्या तळलेल्या माशांच्या खानावळीत कोपऱ्यात बसून गिटार वाजवली. बोलणं कमी. बायको लवकर गेली होती. लोक त्याला ओळखत ते त्याच्या कॉर्डमुळे, म्हणजे चालीच्या सुराखाली एकदम वाजवायच्या जुळत्या सुरांमुळे. सगळ्यांना पाठ असलेली एखादी चाल घ्यायची आणि तिच्या खालचे कॉर्ड असे बदलायचे की जेवणाऱ्याचा काटा तोंडाशीच थांबावा, यात त्याचा हात धरणारं त्या भागात कोणी नव्हतं.

जोडीला क्लिओफस बून बास वाजवायचा. खालचा खर्ज तो सांभाळायचा, म्हणून लूशसची बोटं मोकळी असत. फेब्रुवारीत क्लिओफस वारला. आता खर्ज, कॉर्ड आणि चाल, सगळं एकाच गिटारीवर आलं. चाल बहुतेक सगळ्यात बारीक तारेवर, करंगळीने धरायची. खालचा कॉर्ड अवघड झाला की करंगळी ताणली जायची आणि सूर पुरता वाजायच्या आधीच सुटायचा. हे लूशसच्या ध्यानात आलं नाही. खानावळीतल्या लोकांच्याही आलं नाही, कारण चाली त्यांच्या ओळखीच्या होत्या. सुटलेले सूर ते मनातल्या मनात भरून घेत.

क्लिओफसने बायकोसाठी एक गाणं केलं होतं. कागदावर उतरवलं नाही, कुठे रेकॉर्डही केलं नाही. रविवारी सकाळी पॅनकेक उलटताना तो ते गायचा, एवढंच. खानावळीतून लोक उठून गेल्यावर कधीतरी तो आणि लूशस ते वाजवत. मे महिन्यात त्याच्या वाढदिवसाला अर्नस्टीनने, म्हणजे त्याच्या बायकोने, चर्चच्या तळघरात जेवण ठेवलं. पुढच्या आठवड्यात ती घर आवरून मुलीकडे अटलांटाला जाणार होती. जाण्याआधी ते गाणं एकदा सगळ्यांसमोर म्हणायचं, लोकांच्या कानांत ठेवून जायचं, असं तिच्या मनात होतं. साथीला लूशस.

तालमीला तो तिच्या स्वयंपाकघरात बसला. ती कोलार्डच्या भाजीची पानं निवडत गुणगुणत होती. दुसऱ्या ओळीत ती अडली.

"थांब लूशस. माझा नवरा कुठे गेला यात?"

"चाल तीच आहे. खालचे कॉर्ड तेवढे बदललेत."

"चाल तीच असती तर मी अडले असते का? चाळीस वर्षं ऐकलंय."

"जरा सजवलं, इतकंच."

"जरा? चर्चला निघालेल्या बाईने घरातल्या सगळ्या टोप्या एकदम घातल्यात! तोंड दिसेना तिचं."

लूशस हसला नाही. "क्लिओफसला आवडायचे माझे कॉर्ड."

"आवडायचे की. पण तेव्हा तो खाली खांबासारखा उभा असायचा. आता तू एकटा आहेस, बाबा."

घरी जाऊन त्याने सगळे कॉर्ड काढून टाकले आणि नुसती चाल एका तारेवर वाजवायला घेतली. दुसऱ्या ओळीच्या शेवटी त्याचा हात थबकला. पुढचे दोन सूर त्याला येतच नव्हते. इतकी वर्षं साथ केली, पण ऐकलं ते आपलंच. लाज गिळून त्याने अर्नस्टीनला फोन केला. तिने काही न विचारता ती ओळ चार वेळा म्हणून दाखवली. मग त्याने चालीखाली खर्ज बसवला, आणि जिथे सूर लांब होता तिथेच एखादा कॉर्ड ठेवला. तीन दिवस गेले यात.

वाढदिवसाला तळघर भरलं. पहिली फेरी त्याने ठरल्याप्रमाणे साधी वाजवली. अर्नस्टीनचा आवाज थोडा कापरा होता, पण चाल सरळ गेली. दुसऱ्या फेरीत त्याने एक छोटासा कॉर्ड बदलला, आणि मागून चर्चचे डीकन पर्विस ओरडले, "सांगा, ब्रदर टार्व्हर, सांगा!"

या चर्चच्या लोकांत गप्प बसून ऐकायची रीत नाही. आवडलं की तोंडाने म्हणायचं. चार जण म्हणाले, "अहाहा!" एका बाईने टेबलावर थाप मारली. "सावकाश, ब्रदर, सावकाश! आमच्याजवळ वेळ आहे!" असं कोणी म्हटलं की लूशसची बोटं त्याची राहत नसत. तिसऱ्या ओळीत त्याने एकामागून एक पाच कॉर्ड रचले, करंगळी सुटली, आणि अर्नस्टीन शब्दाच्या मध्येच थांबली.

"काही घाई नाही, सिस्टर बून," कोणीतरी मायेने म्हणालं. लोकांना वाटलं, तिला रडू आलं. लूशसने तिच्या पायाखालची जमीन काढून घेतली हे फक्त तिला आणि त्याला माहीत होतं. ती त्याच्याकडे बघत होती. रागाने नाही; वाट बघत होती.

लूशसने अंगठा तारांवरून उचलला. ओळ पहिल्यापासून घेतली, एकेक सूर, खाली काहीच नाही. टपालाच्या पत्त्यासारखी स्पष्ट. पहिल्या फेरीत ऐकलेली चाल लोकांना सापडली. ते ओठ मिटून गुणगुणू लागले. तेव्हा अर्नस्टीन आत आली, आणि आता कापरेपणा नव्हता.

शेवटचा सूर तिने लांब धरला. तो हलेना, तेव्हा लूशसने करंगळी त्या सुरावर पक्की ठेवली आणि खाली कॉर्ड बदलला. मग आणखी एक. मग तिसरा, ज्यात खर्ज एक पायरी उतरतो, क्लिओफस उतरायचा तसा. सूर तोच, पण दर वेळी वेगळा वाटला. डीकन पर्विसही डोळे मिटून तोच सूर गुणगुणत राहिले.

जेवणं झाल्यावर अर्नस्टीनने मासे नि मॅकरोनी भरलेली, वरून फॉइल लावलेली ताटली त्याच्या हातात दिली.

"शेवटी काय केलंस ते कळलं मला."

"चुकलं?"

"मी हलत नव्हते तिथे. तिथे चालतं." मग म्हणाली, "मधे मात्र मारलंच होतंस मला."

"हो," लूशस म्हणाला.

घरी येऊन त्याने चाल दोन कागदांवर उतरवली, एक तिच्यासाठी, एक चर्चसाठी. खाली कॉर्ड लिहिले नाहीत. फक्त शेवटच्या सुराखाली तीन लिहिले, तेही पेन्सिलने, ज्याला नको असतील त्याला खोडता यावेत म्हणून.