म्होरकीचा शब्द

धुक्याच्या दिवशी नवा शब्द सांगितल्याशिवाय म्होरकी, म्हणजे आमच्या पुढे चालणारी मावशी, कोणालाही तलावाच्या पाळीवर पाय ठेवू द्यायची नाही. आम्ही बाया भाजीच्या पाट्या डोक्यावर घेऊन उभ्या, पलीकडे सिंदेवाहीच्या बाजाराचा टेम्पो हॉर्न मारतोय, आणि ही आपली विचारात. मग एकदाचं तोंड उघडायची. “आज ‘भरीत’. आयकलं का वो? भरीत.” की निघालो.

पाळ अरुंद. एका अंगाला पाणी, दुसऱ्या अंगाला खोल उतार. म्होरकी पुढे चालत तो शब्द ओरडायची, आम्ही त्या आवाजामागे. हाक तिचीच, पण शब्द दुसरा आला, तर जागच्या जागी थांबायचं. मी शेवटी असायची. मध्येच ती मागे हाक मारायची, “शोभे, आजचा शब्द कोणता?” मी ओरडायची, “भरीत!” “झोपली नाई म्हणायची,” असं वर ऐकवायची.

हे सगळं करावं लागे, कारण आमच्या तलावावरचं धुकं बोलतं. यात मला नवल वाटत नाही. कुठल्या गावाचं पाणी खारं असतं, आमचं धुकं बोलकं आहे. विकून टाकलेल्या बैलांच्या घंटा, भात कांडायच्या, आता सरपणात गेलेल्या ढेकीचे ठोके, माझ्या आईचं खोकणं. आई जाऊन बरीच वर्षं झाली. माझ्या मुलीने एकदा हे फोनवर टिपून आणलं. घरी लावलं तर नुसती खरखर. पण पूर्वी जे ऐकलं तेवढंच धुकं परत बोलतं. आज ऐकलेलं आज त्याच्या तोंडून येत नाही. म्हणून रोजचा शब्द नवा.

म्होरकीचा शब्द बहुतेक खाण्याचा असायचा, नाहीतर कोणाची तरी खोडी. चंद्रकलाची सासू गाव डोक्यावर घेऊन भांडली, त्याच्या दुसऱ्या दिवशीचा शब्द ‘सासू’. म्होरकी पाळभर “सासू! सासू!” ओरडत चालली होती आणि चंद्रकला मागून म्हणत होती, “हळू वो मावशी, घरापर्यंत आयकू जाते!” “जाऊ दे ना,” म्होरकी म्हणाली, “तुहा फायदाच हाय.”

म्होरकीचा नवरा मासे धरायचा. एका सकाळी तो डोंगा घेऊन धुक्यात गेला आणि डोंगा रिकामा परतला. तेव्हापासून धुकं पडलं की पाण्यावरून त्याचा आवाज यायचा, “चहा ठेव वो, आलोच.” ती पाटी सावरत म्हणायची, “आला मोठा चहा पेणारा. तेच ते बोलून राह्यला. मेलेलं माणूस नवं काई बोलत नाई.”

पण मी एक पाहिलं होतं. आम्हाला शब्द सांगण्याआधी ती एकटी पाण्याकाठी जायची, वाकून काहीतरी पुटपुटायची. एकदा विचारलं, “काऊन वो मावशी, तिथी काय करता?”

“आजचा शब्द त्याले सांगतो.”

“तो ऐकतो?”

“मले काय मालूम! ज्या दिवशी सांगितलेला शब्द त्याच दिवशी बोलून दाखवंल, त्या दिवशी समजीन, तो तिथी हाय. बाकी धुकंच.” मग माझ्या पाटीकडे पाहून म्हणाली, “मेथी बारीक बांधली तुनं. गिऱ्हाईक शिव्या देईन.”

मागच्या हिवाळ्यात एकदा माझ्या पाटीतले टमाटे पाहून तिने त्यांचंच आमच्याकडचं नाव शब्द म्हणून दिलं, ‘भेदरं’. पाळीच्या मधोमध आलो आणि नेहमीसारखा आवाज आला, “चहा ठेव वो, आलोच.” आम्ही चालत राहिलो. मग त्याच आवाजात, अगदी जवळून, आलं, “भेदरं.”

म्होरकी थांबली. तिने पाटी खाली ठेवली, डोक्यावरची चुंबळ काढून पाटीत ठेवली. मी पुढे धावून तिचा हात धरला. “मावशी, ते धुकं हाय.”

“असंल. पण आज नवं बोलला तो.” तिने माझी बोटं एकेक करून सोडवली. “तू म्होरं हो, शोभे. टेम्पो सुटंल.”

ती पाण्याच्या अंगाला उतरली. पाणी वाजलं नाही. आम्ही हाका मारल्या, गावातून माणसं आली, जाळी टाकली, काही लागलं नाही. मग मी बायांना पलीकडे नेलं. टेम्पो थांबला होता. भाजी विकली. दुसरं काय करणार?

आता पुढे मी असते. मी बाजारातून एक लांब नायलॉनची दोरी आणली. धुकं पडलं की सगळ्या जणी ती धरतात आणि पाळ संपेपर्यंत कोणी तोंड उघडत नाही. नव्या सुना विचारतात, निदान मोबाईलवर गाणी लावू का? मी नाही म्हणते. धुक्याला नवं काही द्यायचं नाही.

म्होरकी बोलते. भरीत, सासू, भेदरं, सगळे जुने शब्द, कधी पुढून, कधी पाण्यावरून. ते मी ऐकून सोडून देते. पाळ संपत आली की ती विचारते, “शोभे, आजचा शब्द कोणता?” हे ती जिवंतपणीही विचारायची, म्हणजे हे जुनंच. असं मी धरून चालते, आणि दोरी घट्ट धरते.

शब्द मात्र रोज मनात तयार असतो.