लहान आतड्याच्या ओढण्या

इकडे हिंदी मुलखात, शाहपुऱ्याच्या तळ्याजवळच्या एका शाळेत मी सातवीला विज्ञान शिकवते. मी तापट आहे, हे मुलांना पहिल्याच आठवड्यात कळतं. पण माझ्या वर्गात धडा ज्याला जसा येईल तसा सांगता येतो, म्हणून ती माझं ओरडणं पोटात घालतात. कुणी लिहून आणतं, कुणी चित्र काढतं, कुणी नाटक करतं, कुणी नुसतंच बोलतं. मला एवढंच बघायचं असतं, की कळलंय का.

ही पद्धत मी कुणा एकासाठी काढली नव्हती. पण तिचं सोनं केलं ते त्या वर्षी नव्याने आलेल्या एका मुलीने. मूळची उज्जैनची मराठी माणसं, घरची भाषा अर्धी मराठी, अर्धी हिंदी. पोरगी बोलायला लागली की ऐकत राहावं. पण हातात पेन आलं की बोटं तिचं ऐकायची नाहीत. अक्षरं एकमेकांवर चढायची आणि मग तिचं तिलाही वाचता यायचं नाही.

पचनाचा धडा सांगायला ती आईच्या जुन्या ओढण्या घेऊन आली. त्यांना गाठी मारल्या, एक टोक खिडकीला बांधलं आणि उभ्या केलेल्या मुलांच्या हातांतून ती लांबलचक दोरी वळवत वळवत दारापर्यंत नेली.

"मॅम, हे लहान आतडं. इतकं लंबं पोटात मावणार कसं? म्हणून ह्या घड्या."

मग डब्यातली पोळी पहिल्या मुलाच्या हातात दिली. ज्याच्याकडे पोळी येईल त्याने एक घास तोडून खायचा आणि पुढे द्यायची. दारापाशी पोचेपर्यंत चतकोरसुद्धा उरली नाही. "सगळं रस्त्यातच शरीराने घेतलं, मॅम!" वर्गाने टाळ्या पिटल्या. तिला लिहिता येत नाही, याचा त्या टाळ्या वाजवणाऱ्यांना पत्ताही नव्हता, कारण न लिहिणारी ती एकटी नव्हतीच.

दिवाळीनंतर नव्या प्राचार्या आल्या. बाई वाईट नव्हत्या, त्याचाच मला जास्त राग येतो. मुलीची अडचण कळल्यावर त्यांचे डोळे खरंच भरून आले. त्यांनी डॉक्टरांचं प्रमाणपत्र मागवलं, फळ्याजवळ वेगळं टेबल मांडलं, परीक्षेत तिचं उत्तर लिहून घ्यायला सहावीतली एक मुलगी नेमली. आणि बाकीच्यांनी मुकाट्याने लिहायचं, असं मला बजावलं.

"मॅडम, सबको छूट है, इसीलिए तो उसे कोई तकलीफ नहीं है," मी म्हणाले.

"जिसे ज़रूरत है उसे दीजिए. सबको क्यों? कुछ अनुशासन भी होता है."

मी भांडले. आवाज चढवला. अडचण परीक्षेच्या पद्धतीत आणि इलाज पोरीवर. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी. काही उपयोग झाला नाही. दुसऱ्या दिवशी प्रार्थनेच्या वेळी बाईंनी तिला पुढे बोलावलं, तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि सगळ्या शाळेला सांगितलं, की आपण सर्वांनी हिला मदत करायची आहे. शाळेने टाळ्या वाजवल्या. ती आपल्या बुटांकडे बघत उभी होती.

त्यानंतर ती वर्गात बोलली नाही. मी विचारलं तरी मान हलवायची. डब्याच्या सुट्टीत मैत्रिणी तिच्याशी फार गोड वागायला लागल्या. तिची आई भेटायला आली, म्हणाली, "मॅडम, घरी पण गप्प असते हो. तुमची ती मदत नको, पण आमची पोरगी परत द्या." भीक नको पण कुत्रा आवर, अशी गत. मला त्या माउलीच्या तोंडाकडे बघवेना.

वार्षिक परीक्षेला तिच्यासाठी वेगळी खोली होती आणि देखरेखीला मी. लिहून घेणारी मुलगी पेन उघडून बसली. ही तोंड उघडेना. शेवटी हळूच म्हणाली, "मॅम, मला सबके साथ बसू द्या ना. मी लिहीन."

काय करायला हवं होतं, मला आजही माहीत नाही. मी तिला हाताला धरून वर्गात नेलं, मधल्या बाकावर बसवलं. ती जीभ दातांत धरून लिहीत राहिली. पुरवणी मागायला सगळ्यांसारखा हात वर केला. पेपर शाळेच्या दुसऱ्या शाखेतल्या बाई तपासणार होत्या. त्यांनी ना ती पोरगी पाहिली होती, ना त्या ओढण्या.

घंटा झाली. कित्येक महिन्यांनी तिच्या चेहऱ्यावर हसू होतं. "पूरा लिखा, मॅम! ओढणीवालं पण लिहिलं."

"शाब्बास," मी म्हणाले आणि पानं उलटत गेले. मला एक शब्दही वाचता आला नाही.