भडगावजवळच्या विहिरीतलं चित्रण

विहिरीची कड सुटली तेव्हा माझा नवरा आणि खोदणाऱ्यांचा मुकादम तळाशी होते. आवाज मोठा झाला नाही. पोतं ओतल्यासारखा झाला. मग धूळ वर आली आणि कॅमेऱ्याची वायर ताणली जाऊन माझ्या पायाजवळ तुटली.

भडगावजवळच्या एका मळ्यात आम्ही विहीर खोदण्यावर माहितीपट करत होतो, टीव्हीसाठी. घर जळगावात. नवरा चित्रण करी, लिहायचे मी. माझी शाळा चौथीपर्यंत. पण तो लिही ते सरकारी पत्रकासारखं वाटे, आणि मी लिहिलेलं गावातल्या माणसाला कळे. त्या दिवसानंतरही मी वर्षानुवर्षं तेच केलं, दुसऱ्या कॅमेरावाल्याबरोबर. केळी, कापूस, धुळ्याकडचे पाझर तलाव. त्यातून कुणाचं भलं झालेलं मी पाहिलं नाही. खरं म्हणून दाखवलं त्यातलं बरंचसं दुसऱ्यांदा केलेलं होतं. हंडा घेऊन आलेल्या बाईला आम्ही परत पाठवून पुन्हा यायला लावत असू.

सुरुंग उडाले की मुकादम आधी एकटा उतरायचा. पहारीने कड ठोकत फिरायचा. दगड खणखणला तर ठीक. बद्द वाजला तर तो पाडल्याशिवाय कुणी खाली जायचं नाही. नवऱ्याला नेमकं तेच टिपायचं होतं. म्हणाला, मी बरोबर उतरतो.

“काय घाई शे भाऊ? तुनं लगीन शे का आज?” मुकादम म्हणाला. दगड वर ओढायच्या यारीवरची माणसं हसली.

“ऊन गेलं तर तळ दिसणार नाही.”

“मंग अक्काले इचार.”

“मला कशाला?” मी म्हटलं. “माझं कधी ऐकलंय यांनी?”

दोघे उतरले. रेकॉर्डर वर माझ्यापाशी होता, खालचं बोलणं हेडफोनमधून ऐकू येत होतं. पहार खणखणत गेली. एका ठिकाणी बद्द वाजली.

“आठे पोकळ शे,” मुकादम म्हणाला.

“थांबा,” नवरा म्हणाला. “पुन्हा ठोका. आता तोंड माझ्याकडे करून बोला.”

मुकादम वळला. कॅमेऱ्याकडे बघत, कडेला पाठ करून त्याने पहार मारली.

लोक संध्याकाळपर्यंत दगड उपसत होते. यारी सावकाश चालवावी लागली, नाहीतर उरलेली कडही आली असती. मी काठावर बसून होते. कुणी पाणी दिलं, ते प्याले. खालून कण्हणं ऐकू येत होतं, एकाच माणसाचं. कुणाचं ते मला ओळखता येईना. इतका संसार केला, तरी येईना.

दगड मधोमध कोसळले होते, कॅमेरा होता तिथे. मुकादम कडेला चिकटून राहिला. त्याचा पाय मोडला. तो जगला.