कशीबशी पिकणारी जमीन

आमच्या काकांनी आयुष्यात कधी कशाला चांगलं म्हटलं नाही. पुतणी पहिली आली तरी, "झाली बाई पास कशीबशी." ती पुतणी मीच, म्हणून अजून राग आहे. चांगलं म्हटलं की नजर लागते, हा आमच्या घराण्याचा पक्का नियम. बदनावरजवळच्या शेतातल्या विहिरीचं पाणी ऐन ज्येष्ठातही आटत नसे, तर काकूंनी तिथे काळं मडकं उलटं टांगलेलं.

रस्त्यासाठी ते शेत सरकारने घ्यायचं ठरवलं आणि मोजणीवाले आले. काकांनी त्यांना चहा पाजला. साहेबांनी सहज विचारलं, "जमीन कैसी है?" काका म्हणाले, "कहाँ साहब, बरड ही समझो." साहेब तेच समजले आणि त्यांनी कागदावर बरड लिहिलं. मोबदलाही मग खडकाळ माळाच्या भावाने लागला. ही काळीभोर माती, आधी सोयाबीन आणि मग गहू देणारी! मी देवासहून फोनवर इतकी ओरडले की शेजारीण दारात आली.

काकांना पैशाचा सोस नव्हता. त्यांना हाटपिपल्याकडे तसलीच काळी जमीन घ्यायची होती. "मरेपर्यंत शेतात पाय पाहिजे," एवढंच म्हणायचे. म्हणून आम्ही धारच्या कोर्टात गेलो. शेत अजून आमच्याच ताब्यात होतं.

साक्षीच्या दिवशी आमच्या वकिलाने कचोरी खाता खाता काकांना बजावलं, "काकासाहब, जो सच है वही बोलना. दो फसल, कुएँ में पानी. बस." काकांनी मान डोलावली. आमच्या वकिलाने विचारलं तेव्हा खरंच सगळं नीट बोललेसुद्धा. मी मनात म्हटलं, चला, गंगेत घोडं न्हालं.

मग सरकारी वकील उठले. मुरलेला माळवी माणूस! आवाज चढवला नाही, कागद नाचवला नाही. सोयरिकीला आल्यासारखे हसले. "क्यों काकासाहब, घर में सब मजे में? इस बार गेहूँ कैसा बैठा?"

मी डोळे मिटले.

काकांचे हात आपोआप जोडले गेले. "कहाँ साहब! बस, घर का चल जाता है."

"कोई और सवाल नहीं," म्हणून ते खाली बसले. आमचा वकील कपाळाला हात लावून बसला. बाहेर आल्यावर मी काकांना नाही नाही ते बोलले. ते म्हणाले, "अगं, भरल्या कोर्टात आपल्या गव्हाचं कौतुक करायचं? किती माणसं ऐकत होती!"

निकालात लिहून आलं की जमीन साधारण असल्याचं खुद्द दावेदारच सांगतो. वाढ मिळाली, पण नावापुरती. तेवढ्या पैशांत हाटपिपल्याकडे कुणी बांधसुद्धा दिला नसता. अपील इंदूरला पडून आहे. काका-काकू आमच्याकडे देवासला राहतात. काका गच्चीत कुंड्यांमध्ये मेथी लावतात. मेथी फर्मास येते, तरी ते शेजाऱ्यांना सांगतात, "कसली येतेय!"

परवा बदनावरला लग्नाला निघालो होतो. नव्या रस्त्यावरचा टोलनाका नेमका आमच्या शेतावर आलाय. गाड्यांची रांग होती. काकांनी काच खाली केली आणि खिडकीतल्या पोराला, त्याने काही विचारलेलं नसताना, म्हणाले, "भिया, तू जहाँ बैठा है ना, ऐसी मिट्टी पूरे मालवे में नहीं थी. सोना थी, सोना. और कुएँ का पानी तो पूछ मत!"

पोराने पावती दिली. मागचा ट्रक हॉर्न मारत होता. माझा संताप अनावर झाला. "काका! हेच त्या दिवशी कोर्टात बोलायला काय झालं होतं?"

काकांनी काच वर केली.

"तेव्हा ती आपली होती गं."