भाषण आटोपलं नव्हतं

एल्डन स्टाव्हेन गेला, तेव्हा त्याच्या स्वयंपाकघरात भांडी ठेवायला जागा उरली नाही. ओट्यावर, टेबलावर, खिडकीच्या कट्ट्यावर, सगळीकडे काचेची भांडी. मॅकरोनी-खिमा, बटाटे-चीज, हॅम. प्रत्येकाच्या बुडाला चिकटपट्टी आणि तिच्यावर ते पाठवणाऱ्या बाईचं नाव, भांडं न चुकता परत यावं म्हणून. मयताच्या घरी चूल पेटू द्यायची नाही, हा आमच्या नोरा क्रीक गावाचा धर्म. रविवारचं चर्च चुकलं तर चालतं, हे चुकत नाही. मी ती नावं वाचत गेले आणि माझं डोकं तापत गेलं. एल्डनची बायको आयरीन गेली, तेव्हा याच बायकांनी वाटीभर सूपसुद्धा पाठवलं नव्हतं.

आयरीन गेली एकोणीसशे सदुसष्टच्या मार्चमध्ये. एल्डनचं पुस्तक त्याआधीच्या हिवाळ्यात आलं होतं, एवढाच तिचा गुन्हा.

एल्डन इथलाच. बापाच्या गाईंच्या धारा काढत वाढला, महायुद्धात नौदलात गेला, पॅसिफिकमध्ये एक कान गमावून परत आला आणि सरकारी खर्चाने इतिहास शिकून जिल्ह्याच्या कॉलेजात मास्तर झाला. त्याच्या पुस्तकाचं म्हणणं सरळ होतं. अमेरिकेला साम्राज्य चुकून मिळालेलं नाही, तिने ते मागून घेतलंय. क्यूबा घ्या, फिलिपीन्स घ्या, आता व्हिएतनाम घ्या. तोंडाने दरवेळी दुसऱ्याचं भलं आणि मनात आपल्या मालाला गिऱ्हाईक. एवढ्यावर तो थांबला असता तर गावाने त्याला डोक्यावर घेतलं असतं. वॉशिंग्टनला आणि न्यूयॉर्कच्या शेठजींना शिव्या घातलेल्या आम्हाला आवडतात. पण त्याने आमच्याच साप्ताहिकाचे जुने अंक काढले आणि दाखवून दिलं, की अठराशे अठ्ठ्याण्णव साली आमच्याच आजोबांनी सभा भरवून ठराव केला होता: गहू पडून राहतोय, आशियातल्या बाजारांची दारं उघडा, लागलं तर आरमार धाडा. सभेचे अध्यक्ष होते एल्डनचे स्वतःचे आजोबा. तेही त्याने लिहिलं. ती ओळ कोणी वाचलीच नाही.

आमच्याकडे भांडत नाहीत. आमच्याकडे नुसतं यायचं बंद करतात. एकटा मिल्टन क्रेन्झ तेवढा तोंड उघडायचा. बियाण्याचा दुकानदार, माजी सैनिकांच्या मंडळाचा अध्यक्ष. न्हाव्याच्या दुकानात त्याने चारचौघांत विचारलं, मॉस्कोवाले महिन्याला किती देतात रे? एल्डन म्हणाला, "त्यांनी काही दिलं असतं मिल्टन, तर माझी गाडी जानेवारीत चालू झाली असती." न्हावी हसला. पण पुढच्या खेपेला एल्डनला केस कापायला शेजारच्या गावी जावं लागलं.

आयरीनच्या वेळी त्या टेबलावर दोनच भांडी होती. एक माझं आणि एक लव्हर्न ओडेगार्डचं. लव्हर्न विधवा, शाळेच्या भटारखान्यात कामाला. तिचा वेंडेल एल्डनकडे वर्षभर शिकला होता आणि तेव्हा व्हिएतनाममध्ये होता. एप्रिलमध्ये वेंडेल पेटीतून घरी आला.

मे अखेरच्या, युद्धात मेलेल्यांच्या स्मृतिदिनाला आमच्या कबरस्तानात भाषण होतं, आणि त्या वर्षी ज्या घरचा सैनिक पुरला असेल, त्या घराने वक्ता निवडायचा, अशी जुनी रीत. लव्हर्नने एल्डनचं नाव दिलं.

मिल्टन दुसऱ्या दिवशी केक घेऊन तिच्याकडे हजर. मी तिथेच होते. बाई, तुमचं दुःख आम्ही समजतो, दुःखात माणूस काहीही ठरवतो, मंडळातर्फे दुसरा चांगला माणूस देतो, असं बराच वेळ चाललं. शेवटी म्हणाला, "तो तुझ्या पोराच्या मरणाची माती करील, लव्हर्न."

"माती मी घातलीय त्याच्यावर," ती म्हणाली. "तो केक घेऊन जा."

एल्डनलाही बोलायचं नव्हतं. तो टोपी हातात फिरवत तिच्या दारात उभा राहिला आणि मी काय बोलू म्हणतेस, असं त्याने विचारलं. तिने दोनच गोष्टी मागितल्या. "खोटं बोलू नका, मास्तर. आणि माझ्या वेंडेलला मूर्ख ठरवू नका." दोन्ही एका भाषणात कशा बसवायच्या, याने त्या माणसाची झोप उडाली.

स्मृतिदिनाला ऊन कडक होतं. सारा गाव आला होता, चिडायची हौस कोणाला नसते? एल्डनने आधी वेंडेलबद्दल सांगितलं: डावखुरा, चेंडू जोरात टाकायचा, वर्गात उशिरा यायचा कारण आधी दूध पोचवायचा. बायकांनी रुमाल काढले. मग तो म्हणाला, "वेंडेलने कुठलाच बाजार मागितला नव्हता. मागितला आपण. माझ्या आजोबांनी मागितला, याच गावात, आणि तुमच्या आजोबांनी हात वर केले. आपण ती मागणी कधी मागे घेतली नाही..."

मिल्टनने कडेला उभ्या बिगुलवाल्याकडे पाहून मान डोलावली.

शेवटचा बिगुल सुरू झाला. भाषण अर्ध्यावर असताना. ज्या सुरांवर आम्ही आमचे मेलेले निजवतो, ते सूर मिल्टनने एका माणसाचं तोंड दाबायला वापरले. बिगुल वाजताना बोलायचं नाही, हे लहान पोरालाही कळतं. एल्डन तर नौदलातला. त्याने कागद खाली केला, टाचा जोडल्या आणि सलाम ठोकला. त्याच्याच शिस्तीने त्याला गप्प केलं. आणि बिगुल झाला की समारंभ संपला, हीही रीतच. लोक छातीवरचे हात खाली घेऊन चर्चच्या तळघराकडे, जेवायला निघाले. पाळकसुद्धा निघाले.

लव्हर्न हलली नाही. कबरीपाशी तशीच उभी राहिली.

"मास्तर," ती म्हणाली, "बिगुल झाला. आता पुढचं सांगा."

एल्डनने चष्मा पुसला. निघून गेलेल्यांतले दोन-तीन परत आले, टोपी काढून लांब उभे राहिले. मीही होते. त्याने कागद उघडलाच नाही. तिच्याकडे बघून म्हणाला, "वेंडेल शब्दाचा पक्का होता, म्हणून गेला. शब्द मोडला तो आपण. त्याला कशासाठी पाठवतोय ते आपण त्याला सांगितलं नाही, कारण आपण स्वतःलाच कधी सांगितलं नव्हतं. त्यात त्याची लाज नाही. आपली आहे."

लव्हर्नने त्याचा दंड धरला आणि त्याला तळघरात जेवायला घेऊन गेली. दोघे एका बाकावर बसले, समोरचं बाक रिकामं राहिलं. मी ताट घेऊन तिथे बसले.

आता तो मेल्यावर तो 'आपला इतिहासकार' झालाय. साप्ताहिकाने पहिल्या पानावर फोटो छापला, वाचनालयाच्या खोलीला नाव द्यायचं चाललंय, आणि वर्गणीच्या यादीत क्रेन्झांचं घर सगळ्यांच्या वर. फोटोखालच्या मजकुरात एक ओळ आहे: सदुसष्टच्या स्मृतिदिनी स्टाव्हेन यांनी थोडक्यात भाषण आटोपलं.

आटोपलं नव्हतं. पुरं झालं होतं. तुम्ही जेवायला गेला होतात.